भोगातून देवाकडे वळलेला माणूस: त्या वळणानंतर काय?

मध्यमा (धागाकर्ती)

विलासात आकंठ बुडालेला माणूस एके दिवशी खडबडून जागा होतो, सगळ्यावर पाणी सोडतो आणि देवाचा होतो. ही कथा बहुतेक सगळ्या धर्मांत सापडते, आणि माणूस जागा झाला की ती आटोपते. सांगणारा मोकळा, ऐकणारे डोळे पुसत घरी. मला नेहमी त्यापुढचं ऐकायचं असतं. दुसऱ्या दिवशी सकाळी उठून त्याने काय केलं? दहा वर्षांनी तो कसा होता?

हे डोक्यात आलं ते चार्ल्स द फुको यांच्याबद्दल वाचताना. (तत्त्वज्ञ फुको वेगळे, गल्लत नको.) जन्म १८५८, स्ट्रासबुर्ग. १८६४ मध्ये आईवडील दोघंही गेले, आजोबांनी लाडात वाढवलं. शाळेत असतानाच श्रद्धा उडाली. सैनिकी शाळेत दाखल झाले तेव्हा खाऊन खाऊन इतके सुटले होते की मापाचा गणवेश वेगळा शिवावा लागला. १८७८ मध्ये आजोबांची इस्टेट हातात आली आणि मग काय विचारता! सोमूरच्या घोडदळ शाळेत मेजवान्यांवर मेजवान्या. तिथून बाहेर पडले ते ८७ जणांत ८७वे. पलटण अल्जीरियाला गेली तेव्हा मिमी नावाच्या मैत्रिणीला बायको म्हणून सोबत नेलं. वरिष्ठ म्हणाले तिला परत पाठवा, तर गड्याने नोकरी पणाला लावली पण तिला पाठवलं नाही. उधळपट्टी इतकी की शेवटी घरच्यांनी कोर्टाकडून त्यांच्या पैशांवर देखरेख बसवून घेतली.

पुढे १८८३-८४ मध्ये ज्यू रब्बीच्या (धर्मगुरूच्या) वेशात मोरोक्को पालथा घातला, पॅरिसच्या भूगोल संस्थेचं सुवर्णपदक मिळवलं. त्या मुलखातल्या मुसलमानांची देवावरची निष्ठा बघून आपण मुळापासून हललो, असं त्यांनी स्वतःच नंतर लिहिलं आहे. पॅरिसला परतल्यावर चर्चमध्ये जाऊन बसायचे आणि एकच प्रार्थना करायचे: देवा, तू असशील तर मला कळू दे. ऑक्टोबर १८८६ मध्ये फादर उव्हलँ यांच्याकडे गेले आणि म्हणाले, मला धर्माबद्दल समजावून सांगा. शंका घेऊन आलेल्या माणसाशी वाद घालणं फादरना सहज जमलं असतं. ते म्हणाले, गुडघे टेका आणि पापांची कबुली द्या. फुकोंनी टेकले. वय २८.

इथे कथा संपायला हवी, पण खरी इथेच सुरू होते. १८९० मध्ये ट्रॅपिस्ट या ख्रिस्ती पंथाच्या मठात गेले. हा पंथ कडक शिस्तीसाठीच प्रसिद्ध, पण यांना तिथली गरिबी पुरेना. १८९७ मध्ये तो सोडून नाझरेथला जोगिणींच्या मठात गडी म्हणून राहिले, एका खोपटात. १९०१ मध्ये धर्मगुरूपदाची दीक्षा, मग सहारा, आणि १९०५ पासून तिथल्याच तामनरासेत नावाच्या वस्तीत. खाणं म्हणजे खजूर आणि जवाचं काहीतरी. १९०८ च्या सुरुवातीला उपासमारीने मरायलाच टेकले होते. त्या वर्षी दुष्काळ होता, तरी आजूबाजूच्या तुआरेग या वाळवंटी जमातीच्या लोकांनी जिथे मिळेल तिथून शेळीचं दूध गोळा करून आणलं म्हणून वाचले. इतक्या वर्षांत धर्मात कुणाला आणलं म्हणाल तर जवळपास कुणालाच नाही. तुआरेग भाषेचा प्रचंड कोश मात्र केला. १ डिसेंबर १९१६ रोजी मारले गेले. १५ मे २०२२ रोजी संत म्हणून घोषित झाले.

माझा प्रश्न हा की, ज्याला मेजवानीत प्रमाण कळत नव्हतं त्याला उपासातही प्रमाण कळलं नाही. मग बदललं काय? माणूस बदलला, की फक्त त्याच्या भुकेचा पत्ता बदलला?

---

गप्पिष्ट

करून करून भागला आणि देवपूजेला लागला. झाला की धागा.

---

मध्यमा

@गप्पिष्ट, वर वय मुद्दाम लिहिलं होतं. २८ व्या वर्षी कोण भागतं हो?

---

गप्पिष्ट

बरं, फुको सोडले. पण एरवी काय दिसतं? अंगात रग असेपर्यंत भोग, ती ओसरली की योग. सोडायला काही उरलेलंच नसतं तेव्हा 'मी सोडलं' म्हणण्यात कसला पुरुषार्थ? आणि ययाती आठवा. स्वतःचं तारुण्य संपलं तर मुलाचं घेतलं, हजार वर्षं भोगलं, आणि मग जगाला उपदेश: भोगून वासना शमत नाही, तुपाने आग भडकते तशी भडकते. उपदेश लाख मोलाचा. पण त्याची किंमत पुरूने मोजली होती ना?

---

तळटीप

गप्पिष्ट, तुमच्या पहिल्या मुद्द्यावर आठ शतकांपूर्वीच निवाडा झालेला आहे. ज्यू धर्मशास्त्री मायमोनिडीझ (बारावं शतक) पश्चात्तापाचे नियम सांगताना विचारतो: पुरा पश्चात्ताप कुणाचा म्हणायचा? तर ज्याच्यापुढे तोच मोह पुन्हा आला, करणं हातात होतं, आणि तरीही ज्याने केलं नाही त्याचा. भीतीमुळे किंवा अंगात बळ उरलं नाही म्हणून नव्हे. तो उदाहरणही अगदी रोखठोक देतो: तीच स्त्री, तेच प्रेम, तीच ताकद, तीच जागा. म्हातारपणी, जमेनासं झाल्यावर केलेला पश्चात्ताप उत्तम दर्जाचा नाही, असंही तो म्हणतो. पण तो मोडीत काढत नाही, कामाला येतो म्हणतो. म्हणजे तुमची म्हण आणि त्याचा नियम जुळतात. फरक इतकाच की तो दार बंद करत नाही.

तालमूदमध्ये (ज्यूंचा जुना धर्मग्रंथ) याहून भन्नाट गोष्ट आहे. एलाझार बेन दुर्दया नावाचा माणूस. एकही वेश्या त्याने सोडली नव्हती. दूर देशी एक आहे असं कळलं तर थैलीभर पैसे घेऊन सात नद्या ओलांडून तिच्याकडे गेला. तिच्याच तोंडून निघालं की याचा पश्चात्ताप कधी स्वीकारला जाणार नाही. तो उठला, दोन डोंगरांच्या मध्ये जाऊन बसला. डोंगरांना म्हणाला, माझ्यासाठी रदबदली करा. डोंगर म्हणाले, आमचंच आम्हाला पुरे आहे. मग आकाश आणि पृथ्वी, मग चंद्र आणि सूर्य, मग तारे. सगळ्यांकडून तेच उत्तर. शेवटी म्हणाला, म्हणजे हे माझ्या एकट्यावरच आहे. गुडघ्यांत डोकं घालून रडला, रडता रडता प्राण गेला. आकाशवाणी झाली की याला परलोकात जागा मिळाली. हे ऐकून मोठे रब्बी यहूदा रडले: कुणी वर्षानुवर्षं खपून जे मिळवतो ते कुणी एका घटकेत मिळवतो.

त्या रडण्यात आनंद किती आणि स्वतःच्या कष्टांचं वाईट वाटणं किती, हे मला कधीच नीट ठरवता आलेलं नाही. बहुधा दोन्ही असावं.

मध्यमा, तुमच्या प्रश्नाच्या दृष्टीने मात्र ही गोष्ट निरुपयोगी आहे. तो लगेच मेला, त्यामुळे दुसऱ्या दिवसाची सकाळ आलीच नाही.

---

वाटसरू

छान चर्चा. वारकरी परंपरेतलं थोडं.

गीतेच्या नवव्या अध्यायात भगवंत म्हणतात की अगदी दुराचारी असला तरी अनन्यभावाने मला भजत असेल तर त्याला साधूच समजावं. ज्ञानेश्वर त्यावर महापुराचा दृष्टांत देतात. पुरात बुडालेला माणूस न मरता काठाला लागला. आता त्याचं ते बुडणं कुठे गेलं? वाया गेलं. तसंच, शेवटी भक्ती आली की केलेलं पाप उरत नाही. माउलींचं मन मोठं. 'अनुतापतीर्थ' हा शब्दही तिथलाच. त्या तीर्थात न्हाऊन आत ये म्हणतात, आधी कुठे होतास हे विचारत नाहीत.

तुकोबा मात्र वाणी. हिशेबाला पक्के.

अनुतापें दोष । जाय न लगतां निमिष ॥
परि तो राहे विसावला । आदीं अवसानीं भला ॥

पहिली ओळ सगळ्यांना पाठ असते, कारण ती गोड आहे. निमिषही लागत नाही, दोष गेला. पण दुसऱ्या ओळीतला 'परि' बघा. तो अनुताप मुक्कामाला राहायला हवा, आरंभापासून शेवटपर्यंत. आला, डोळ्यांत पाणी आणलं आणि गेला, असा नको. मध्यमाताईंनी विचारलेलं 'पुढे काय' ते याच ओळीत आहे असं मला वाटतं.

---

शेवंती

वाचतेय. सगळे पुरुषच आहेत, एवढं एक नोंदवते.

संत ऑगस्टीन राहिले की. तरुणपणी 'देवा मला ब्रह्मचर्य दे, पण इतक्यात नको' अशी प्रार्थना करणारे. ज्या बाईबरोबर इतकी वर्षं राहिले, जिच्यापासून मुलगा झाला, तिला देवासाठी घालवून दिलं आणि स्वतः संत झाले. तिचं नावसुद्धा लिहिलं नाही.

---

तळटीप

@शेवंती, नाव लिहिलं नाही हे खरं. देवासाठी घालवून दिलं हे मात्र खरं नाही, आणि खरी हकिगत जास्त वाईट आहे.

ऑगस्टीनचा जन्म ३५४ चा, उत्तर आफ्रिकेतल्या थागास्तेचा. कार्थेजला शिकायला गेला तेव्हापासून ती बाई सोबत होती. मुलाचं नाव आदेओदातुस, म्हणजे देवदत्त. ३८४ मध्ये मिलानला वक्तृत्वशास्त्राचा मोठा हुद्दा मिळाला आणि आई मोनिकाने मोठ्या घरची सोयरीक ठरवली. मुलगी लग्नाच्या कायदेशीर वयाला दोन वर्षांनी कमी. सोयरिकीच्या आड येते म्हणून त्या बाईला आफ्रिकेला परत पाठवलं. मुलगा इकडेच ठेवून घेतला. जाताना तिने शपथ घेतली की दुसऱ्या पुरुषाकडे बघणार नाही. आणि ऑगस्टीनला दोन वर्षं दम निघेना, म्हणून मधल्या काळासाठी त्याने दुसरी बाई आणली. हे सगळं त्याने स्वतःच 'कन्फेशन्स' या आत्मकथनात लिहून ठेवलंय, काळीज फाटलं आणि रक्त वाहत राहिलं हेही लिहिलंय. बागेतली मनपालटाची घटना यानंतरची, ३८६ ची. म्हणजे तिचा बळी गेला तो करिअरपायी. देव आला तेव्हा ती निघून गेलेली होती, आणि ते लग्नही मग झालंच नाही.

ती बागेतली घटना सगळ्यांना माहीत असते: पलीकडून एका मुलाचा की मुलीचा आवाज, 'उचल आणि वाच', मग बायबलातल्या पौलाच्या पत्रातलं ते वाक्य, मेजवान्या आणि दारू आणि शय्या सोडा. मला त्याच्या थोडं आधीचं जास्त आवडतं. तो लिहितो की जुन्या सवयी मागून माझ्या देहाचं वस्त्र हळूच ओढत होत्या आणि कुजबुजत होत्या, आम्हाला सोडून चाललास? या क्षणापासून पुन्हा कधीच नाही? समोर येऊन भांडत नव्हत्या, जाणाऱ्याचा पदर ओढावा तशा मागून ओढत होत्या. व्यसन सोडायला बसलेल्या कुणालाही हे वाचून दाखवा.

आणि मध्यमा, तुमचं उत्तर त्याच ग्रंथाच्या दहाव्या भागात आहे. इथे तो बिशप आहे, बागेला दहा-बारा वर्षं झालेली आहेत. तो काय लिहितो? जागेपणी मी जिंकतो, पण झोपेत जुनी चित्रं येतात आणि स्वप्नात मी त्यांना होकार देतो. तेव्हा मी मी नसतो का देवा? पुढे खाण्याबद्दल लिहितो की औषध म्हणून खावं तसं खायला बसतो, पण भूक कुठे संपली आणि चव कुठे सुरू झाली ते कळत नाही. भुकेचा पत्ता तोच आहे हो. फक्त आता घरमालक जागा आहे.

---

मध्यमा

दहावा भाग मी वाचलाच नव्हता, बागेपाशीच थांबले होते बहुतेकांसारखी. हेच हवं होतं.

---

शेवंती

तळटीप, दुरुस्ती मान्य. राग कमी झाला नाही, फक्त त्याची तारीख बदलली.

---

ओसरी

लिहू की नको करत होते. वाटसरूकाकांनी दिलेली तुकोबांची दुसरी ओळ वाचली आणि लिहायला बसले.

माझे वडील. दारू, पत्ते, आणखीही बरंच. आमचं बालपण त्यात गेलं, तपशील नको. मग ते एका सत्संगाला लागले आणि खरोखर सुटले. नाटक नव्हे, दारूला पुन्हा हात लावलेला नाही. याबद्दल मी कृतज्ञ आहे, हे आधी लिहिते म्हणजे पुढचं कुणी चुकीचं वाचणार नाही.

तिथे अनुभवकथन असतं. वडील बोलतात छान. त्यामुळे हळूहळू त्यांना सगळीकडून बोलावणं येऊ लागलं. 'मी किती पडलो होतो' हे सांगायचं आणि 'मला कसं उचललं' हे सांगायचं. आई दुसऱ्या रांगेत. आणि दर वेळी पडण्याची उंची थोडी वाढायची. एकदा ते म्हणाले, मी दारूपायी घर विकलं. सभा स्तब्ध. बाजूच्या बाईने आईचा हात धरला. परत येताना रिक्षात आई एवढंच म्हणाली, "घर कुठे विकलं होतं? माझं शिलाई मशीन विकलं होतं."

त्या मशीनवर आमच्या फिया जायच्या. घर विकलं म्हटलं की कथा मोठी होते. मशीन सांगितलं असतं तर आईचं नाव घ्यावं लागलं असतं.

---

शेवंती

ओसरी, काय लिहावं सुचत नाहीये.

---

गप्पिष्ट

ओसरी, सलाम. माझी वरची म्हण मागे घेत नाही, पण ती तुमच्या वडिलांना लागू होत नाही. तुमचा मुद्दा वेगळाच आहे आणि जास्त खोल आहे. आधीचं पाप हे नंतरचं भांडवल होतं. जितका मोठा पापी तितकी मोठी कृपा, म्हणून पाप फुगवायचं. त्या बिल्वमंगळाची कथा घ्या. पुराच्या नदीत प्रेताला ओंडका समजून पार झाला, सापाला दोर समजून भिंत चढला, आणि बाई म्हणाली एवढी ओढ देवाची असती तर. हीच कथा तुलसीदासांना चिकटली, फक्त तिथे ती बाई बायको झाली. एकच कोट, ज्याला लागेल त्याने घालावा.

---

तळटीप

ऑगस्टीनच्या टीकाकारांनी हेच म्हटलंय, फक्त उलट बाजूने. सोळाव्या वर्षी पोरांबरोबर शेजारच्या झाडाची नासपतीची फळं चोरली, खाल्ली ती जेमतेम काही, बाकी डुकरांना टाकली. यावर तो पानंच्या पानं लिहितो. का केलं? भूक नव्हती, घरी याहून चांगली फळं होती. केवळ वाईट करण्याची मजा म्हणून. आणि इतकी वर्षं सोबत राहिलेल्या बाईला निरोप दिला त्यावर मोजक्या ओळी. ओसरी, तुमचं मशीन मला तिथे दिसलं.

त्याच्या बाजूने एवढं म्हणता येईल की त्याने पाप फुगवलं नाही, सोललं. फळचोरीइतकं क्षुल्लक पाप निवडलं, कारण त्यात 'परिस्थितीच तशी होती' ही सबब चालत नाही. पण कुणाला काय देणं लागतो हा प्रश्न तो देवाशी बोलताना विचारतो, तिच्याशी बोलताना नाही.

---

अर्धविराम

इथे इस्लामी परंपरेतलं सांगण्यासारखं आहे. तौबाच्या (पश्चात्तापाच्या) अटी साधारण अशा सांगतात: ते कृत्य थांबवा, मनापासून खंत वाटू द्या, पुन्हा न करण्याचा निश्चय करा. आणि जर कुणा माणसाचा हक्क मारला असेल तर तो परत करा. अल्लाचे हक्क वेगळे, बंद्यांचे हक्क वेगळे. फुदैल इब्न इयाद आठव्या शतकातले मोठे सूफी, आधी वाटमारी करायचे. प्रेयसीला भेटायला भिंत चढत असताना कुराणातली आयत कानावर पडली: श्रद्धावंतांची हृदयं देवाच्या स्मरणाने नरम व्हायची वेळ अजून आली नाही का? ते म्हणाले, आली, आणि मागे फिरले. त्यांच्याबद्दल असंही सांगतात की नंतर ते लुटलेल्यांना शोधून त्यांची भरपाई करत फिरले. कथेतला हा भाग सांगायला फार कमी लोकांना आवडतो, कारण त्यात भिंत नाही, प्रेयसी नाही, रात्र नाही.

अल्कोहोलिक्स अ‍ॅनॉनिमस या दारू सोडणाऱ्यांच्या संस्थेचंही बघा. संस्थापकांपैकी बिल विल्सन १९३४ च्या डिसेंबरमध्ये न्यूयॉर्कच्या रुग्णालयात होते. खोली पांढऱ्या प्रकाशाने भरून गेली, डोंगरमाथ्यावर वारा सुटावा तसं वाटलं. नंतर डॉक्टरांना त्यांनी विचारलं, मला वेड तर लागलं नाही? डॉक्टर म्हणाले, जे काही झालंय ते धरून ठेवा. त्यांनी दारू पुन्हा घेतली नाही. इथपर्यंत तीच जुनी कथा. पण संस्थेच्या बारा पायऱ्या लिहिताना त्यांनी प्रकाशाची अट घातली नाही. आठव्या पायरीत, ज्यांचं नुकसान केलं त्या सगळ्यांची यादी करा. नवव्यात, शक्य तिथे थेट जाऊन भरपाई करा, पण त्याने त्यांना किंवा दुसऱ्या कुणाला इजा होणार असेल तर नको. ही शेवटची सूट फार शहाणी आहे. स्वतःचं मन हलकं करण्यासाठी दुसऱ्याच्या डोक्यावर ओझं टाकायचं नाही.

(अवांतर: बिल यांची दारू सुटली, सिगारेट बरीच वर्षं सुटली नाही. १९७१ मध्ये गेले ते फुप्फुसाच्या आजाराने. भुकेचा पत्ता!)

---

वाटसरू

अर्धविराम, उत्तम. आता एक उलटं उदाहरण. बंगाली नाटककार गिरीशचंद्र घोष, १८४४ ते १९१२. दारू, रंगभूमीवरचं बेबंद जगणं, कशालाही ना नाही. रामकृष्णांकडे गेले. रामकृष्णांनी दारू सोड असं सांगितलं नाही. म्हणाले, सकाळ-संध्याकाळ देवाचं स्मरण कर. गिरीशबाबू प्रामाणिक. म्हणाले, जमेल असं वाटत नाही. मग जेवणाआधी आणि झोपण्याआधी? तेही कबूल करवेना. मग रामकृष्ण म्हणाले, ठीक, मला बकलमा दे. बकलमा म्हणजे मुखत्यारपत्र. तुझ्या वतीने मी करतो.

गिरीशबाबू खूश, सुटलो म्हणाले. पुढे कशावरून तरी ते 'मी हे करीन' असं बोलून गेले, तर रामकृष्णांनी तिथल्या तिथे पकडलं: 'मी करीन' कसं म्हणतोस? तू तर बकलमा दिलायस. नंतर गिरीशबाबूच सांगायचे की जप करणाऱ्याची वेळ ठरलेली असते, ती झाली की तो मोकळा. मला मात्र प्रत्येक पावलाला, प्रत्येक श्वासाला बघावं लागतं की हे त्याच्या बळावर चाललंय की या मेल्या 'मी'च्या. दार सगळ्यात रुंद वाटलं तेच सगळ्यात अरुंद निघालं.

---

शेवंती

काका, गोष्ट सुंदर आहे. पण त्याच रंगभूमीवर विनोदिनी दासी होती. २१ सप्टेंबर १८८४ रोजी रामकृष्ण चैतन्यलीला हे गिरीशबाबूंचं नाटक बघायला स्टार थिएटरात आले तेव्हा चैतन्यांची भूमिका तीच करत होती, आणि त्यांनी तिला आशीर्वाद दिला. ते थिएटर उभं राहिलं ते तिने एका धनिकाची रखेल व्हायचं कबूल केलं म्हणून. नाव तिचं देऊ असं सांगितलं होतं, दिलं नाही. तिने आत्मकथेत हे लिहिलंय. त्या मंडळींत तिचे गुरू गिरीशबाबूही होते. ऐन विशीत तिने रंगभूमी सोडली. गिरीशबाबूंचा बकलमा आजही कीर्तनात येतो, तिचं नाव येत नाही.

---

वाटसरू

मान्य. मी सांगतानाही ती राहिलीच.

---

ओसरी

अर्धविराम, ती सूट मला पटली. आईला स्टेजवरून माफी नकोच आहे. पण एक विचारायचं होतं. ज्याचं नुकसान झालं त्याने माफ केलंच नाही तर? याबद्दल कुठे काही म्हटलंय का?

---

तळटीप

म्हटलंय. ज्यू परंपरेत प्रायश्चित्ताचा मोठा दिवस देवाविरुद्धचे अपराध धुतो, माणसाविरुद्धचे नाही. त्यासाठी त्या माणसाला राजी करावं लागतं. मायमोनिडीझ सांगतो: आधी देणं फेडा, पण तेवढं पुरत नाही, जाऊन माफी मागा. नाही म्हणाला तर तीन माणसं घेऊन जा. पुन्हा नाही म्हणाला तर पुन्हा, आणि तिसऱ्यांदा. तरीही नाही, तर सोडून द्या. आता पाप माफ न करणाऱ्याच्या माथी.

---

ओसरी

म्हणजे आईने तीनदा नाही म्हटलं तर पाप आईचं? हे मला अजिबात मान्य नाही. तिने आधी भोगायचं आणि वर उदारही व्हायचं.

---

तळटीप

मलाही ते जड जातं. नियमाच्या बाजूने एवढंच की तो माफी मागणाऱ्याला जन्मभर दारात उभं राहण्यापासून वाचवतो. आणि त्यात क्रम आहे, आधी फेड आणि मग माफी. मशीन परत आणून दिलं का त्यांनी?

---

ओसरी

नाही. मी घेऊन देते म्हटलं होतं. आई म्हणाली, तू कशाला, तू विकलं होतंस का?

आणि तीनदाचं म्हणाल तर अजून पहिल्यांदाच विचारलेलं नाही. सभेत दोनशे लोकांसमोर देवाची माफी मागतात, स्वयंपाकघरात येऊन कधी एक शब्द नाही. सुटले आहेत, हे खरं आहे. हेही खरं आहे.

---

गप्पिष्ट

तुमचे वडील इथे वाचतात का? नसतील तर या धाग्याची लिंक पाठवून द्या.

---

ओसरी

ते फक्त स्वतःच्या प्रवचनांचे व्हिडिओ बघतात. :) पण आईला पाठवलीय. विनोदिनीचं पुस्तक मराठीत मिळतं का, असं विचारतेय.